सहीच्या वरची जागा

९ नोव्हेंबर

चि. धाकट्या,

की आता आमदारसाहेब म्हणायचं? जीभ वळत नाही बाबा. काल वाचनालयापाशी दोघंजण मला वाकून नमस्कार करून गेले. छापखान्यात मुद्रितं तपासायला वीस वर्षं मी याच रस्त्याने जातेय, आजवर कुणी बाजूला सरकून वाटसुद्धा दिली नव्हती. तुझ्या विजयाचं पहिलं फळ मीच चाखलं म्हणायचं!

मागच्या खेपेला डिपॉझिट गेलं तेव्हा चार दिवस तोंड लपवून माझ्याकडे राहिला होतास. पुन्हा कंडक्टरकी बरी, म्हणत होतास. मीच ओरडले होते, की साठ माणसांनी खच्चून भरलेल्या बसमध्ये 'पुढे सरका' म्हणणारा गडी विधानसभेत का म्हणू शकणार नाही? तर सरकव आता सगळ्यांना.

एक सांगते, रागावू नकोस. कागद वाचायचा तुला पहिल्यापासून कंटाळा. तुझ्या प्रगतिपुस्तकावर बाबांच्या जागी सही कोण करायचं? मी! पण प्रत्येक विषयाचे गुण वाचून, तुझा कान पिरगाळून मगच करायचे. तिथे रोज ढिगाने कागद येतील. डोळ्यांखालून घातल्याशिवाय एकावरही सही करू नकोस.

आणि एक मागणं. तुझ्या भाच्याला सहायक म्हणून घे. पदवी घेऊन दोन वर्षं घरात बसलाय, माझं डोकं खातोय. टायपिंग उत्तम येतं. मुख्य म्हणजे घरचा आहे. परका माणूस दाराशी बसवलास तर तो तुला विकून येईल आणि तुला पत्ताही लागणार नाही. माझ्या पोराची मी हमी देते. त्याचे वडील गेल्यापासून एकटीने वाढवलाय. त्याच्या मनात काय चाललंय ते त्याने तोंड उघडायच्या आधी मला कळतं.

आणि फोन करू नकोस, पत्र लिही. फोनवर तू सराईत खोटं बोलतोस, कागदावर तुला जमत नाही.

तुझी ताई


२० डिसेंबर

ती. ताई, नमस्कार.

भाचा रुजू झाला. पहिल्याच आठवड्यात त्याने टपालाच्या फायली लावल्या, फोनची वही केली. तू म्हणालीस ते खरं, घरचा माणूस तो घरचाच.

सभागृहात गालिचा इतका जाड आहे की स्वतःच्या पावलांचा आवाज येत नाही. मला शेवटून दुसऱ्या रांगेत जागा मिळालीय. परवा माझा पहिला तारांकित प्रश्न लागला. ज्या प्रश्नापुढे चांदणी छापतात तो तारांकित. त्याला मंत्र्याने उभं राहून तोंडी उत्तर द्यायचं आणि आपण वर उलटतपासणी घ्यायची. अध्यक्ष क्रमांक पुकारतात तेव्हा आपण जागेवर पाहिजे. नसलो तर प्रश्न गेला, सुटलेल्या बससारखा.

आपल्या बसस्टँडला छप्पर का नाही, असं विचारलं. मंत्री म्हणाले, प्रस्ताव विचाराधीन आहे. मी म्हटलं, सोळा वर्षं विचार चाललाय, तोवर प्रवाशांनी तुमच्या घरी येऊन थांबायचं का? सगळे हसले. कार्यवाहीत कंसात 'हशा' असं छापतात. माझ्या नावाखाली हशा छापला गेला, ताई!

कागदांची काळजी सोड. मी माणसं बघतो, कागद भाचा बघतो.

तुझा धाकटा


२ मे

चि. धाकट्या,

तू निवडून आलास त्याला या नोव्हेंबरात आठ वर्षं होतील. दुसऱ्यांदाही आलास. बसस्टँडला छप्पर आलं. पण मला खरं वाटलं ते आत्ता, दोन्ही नव्या गुडघ्यांवर उभी राहिले तेव्हा.

सरकारी रुग्णालयाने मला दीड वर्षानंतरची तारीख दिली होती. रात्रंदिवस कण्हत होते. मग मार्चमध्ये एक दिवस पोरगा गाडी घेऊन दारात. म्हणाला, 'आई, चल. मामाने सगळं लावून दिलंय.' आणि कुठे, तर टेकडीवरच्या त्या मोठ्या हॉस्पिटलात! जिथे आपल्यासारख्यांना पायरीवरून परत पाठवतात. रांग नाही, फॉर्म नाही. खिडकीजवळची अकरा नंबरची खाट. एकवीस मार्चला, गेले त्याच दिवशी, शस्त्रक्रिया झाली, आणि घरी येताना बिल मागितलं तर काउंटरवरची मुलगी नुसती हसली.

शब्दाला वजन आलंय रे तुझ्या. फक्त एकदा बघायला आला असतास तर बरं वाटलं असतं. असो.

डॉक्टरांनी सांगितलंय, अजून तीन महिने फार फिरायचं नाही. म्हणून वाचनालयातून विधानसभेच्या कार्यवाहीचे खंड मागवलेत. तुझं एकूण एक भाषण वाचून काढणार आहे.

तुझी ताई


११ मे

ती. ताई,

आभार कसले मानतेस? बहिणीसाठी एवढंही करता येत नसेल तर आमदारकी काय चाटायची आहे? यायला जमलं नाही, अधिवेशन चालू होतं. मनाला लागून राहिलंय.

इथे बरं चाललंय. पुढच्या निवडणुकीला तिसऱ्यांदा तिकीट नक्की, आणि या वेळी राज्यमंत्रिपदासाठी माझंही नाव घेतात. अजून कुणाला बोलू नकोस.

त्या रटाळ खंडांच्या नादी मात्र लागू नकोस. डोळे बिघडतील.

तुझा धाकटा


२६ जुलै

चि. धाकट्या,

'नादी लागू नकोस' म्हणालास, तिथेच मला वाटलं, कुठेतरी पाणी मुरतंय. मग तर मी चष्म्याची काच पुसून बसले.

छापखान्यात आमची पद्धत होती. एकाने मूळ प्रत मोठ्याने वाचायची, दुसऱ्याने मुद्रितावर बोट ठेवून ताडून बघायची. आणि स्वतः जुळवलेलं स्वतः तपासायचं नाही, कारण आपल्या डोळ्याला आपली चूक दिसत नाही. तू तुझी आठ वर्षं कधी ताडून बघितली नसशील, म्हणून मी बघितली.

पहिली पाच वर्षं तू कसा भांडलायस! वाचताना मला दोनदा रडू आलं. मग गेली तीन वर्षं बघ. कारखान्याचं रंगीत पाणी नदीत सोडण्याबद्दलचा प्रश्न: 'सदस्य अनुपस्थित.' शाळेची नवी भिंत पडली, त्या ठेकेदाराबद्दलचा: 'सदस्य अनुपस्थित.' खासगी बसवाल्यांच्या परवान्यांचा, जो तुझ्या जुन्या कामातला प्रश्न, त्यालाही 'सदस्य अनुपस्थित.' असे नऊ आहेत. नऊही प्रश्न कुठल्या ना कुठल्या बड्या माणसाला झोंबणारे. आणि त्याच दिवशी दुपारी तू सभागृहात आहेस, दुसऱ्याच विषयावर बोलतोयस! म्हणजे आजारी नव्हतास, बाहेरगावीही नव्हतास. प्रश्न घालायचा, समोरच्याला घाम फोडायचा आणि ऐन वेळी जागेवर राहायचं नाही. याला काय म्हणतात ते मला ठाऊक आहे. मला फक्त तुझ्या तोंडून ऐकायचंय.

फोन केला की पोरगा उचलतो आणि 'मामा मीटिंगमध्ये आहे' म्हणतो. त्या बिचाऱ्यालाही तू खोटं बोलायला लावतोस. ऑफिसच्या पत्त्यावर पाठवतेय. उत्तर दे.

ताई


५ ऑगस्ट
(कार्यालयाच्या कागदावर, टाइप केलेले)

आदरणीय ताई,

आपले पत्र मिळाले. आपण उपस्थित केलेल्या मुद्द्यांबाबत कळवण्यात येते की, कामाच्या व्यापामुळे काही वेळा प्रश्नोत्तराच्या तासाला हजर राहणे शक्य होत नाही. याचे भांडवल करून विरोधक बदनामी करीत आहेत. आपण घरातील वडीलधारी व्यक्ती असून अशा गोष्टींवर विश्वास ठेवू नये, तसेच याविषयी कोणाशी चर्चा करू नये, ही विनंती. प्रकृतीस जपावे.

(सही)


१९ ऑगस्ट

धाकट्या,

हे पत्र ऑफिसात नाही, थेट तुझ्या बायकोच्या हातात पडेल अशा बेताने पाठवतेय. वहिनींना मी सांगितलंय, जेवायला बसला की ताटाशेजारी ठेवा.

ताकाला जाऊन भांडं कशाला लपवतोस रे? 'कळवण्यात येते की'! सख्ख्या बहिणीला! मी ते पत्र उजेडात धरलं. पंचवीस वर्षं पानं बघितलीत मी, पान खोटं बोलायला लागलं की मला कळतं. पहिल्या चार ओळी ऐसपैस आहेत. खालच्या ओळी एकमेकींच्या अंगावर चढल्यात, शेवटची तर तुझ्या सहीच्या शेंड्याला चिकटलीय. खाली वीतभर कागद कोरा आहे आणि मजकूर वर कोंबलाय! पत्र लिहून सही केली असती तर सही खाली सरकली असती. इथे सही हललेली नाही. म्हणजे सही आधी झाली आणि मजकूर नंतर आला.

तू कोऱ्या कागदावर सह्या करून ठेवतोस. हो ना? मी तुला पहिल्या पत्रात काय सांगितलं होतं?

तुझ्या ऑफिसात तो जाड चष्म्याचा टायपिस्ट आहे ना, मागच्या खेपेला माझ्याकडे नजर वर करून बघेना, तेव्हाच मला त्याचा संशय आला होता. माझ्या पोराला सांग त्याच्यावर लक्ष ठेवायला. पण टायपिस्ट काय, हात तुझे. फायदा तुझा.

आणि आता खरं दुखणं सांगते. मार्च अधिवेशनाचा खंड परवा आला. अठरा मार्च. टेकडीवरच्या हॉस्पिटलात गरिबांसाठी राखून ठेवलेल्या मोफत खाटा गरिबांना का मिळत नाहीत, हा तुझा प्रश्न. 'सदस्य अनुपस्थित.' आणि एकवीस मार्चला त्याच हॉस्पिटलात मी खाटेवर! दहावा प्रश्न तू माझ्या गुडघ्यांपायी विकलास. बहिणीसाठी एवढं करणार नाही तर काय, म्हणाला होतास. कुणी सांगितलं होतं करायला? मी सरपटत गेले असते रे संडासापर्यंत, पण हे नसतं मागितलं.

ताई


२८ ऑगस्ट

ती. ताई,

तू सांगितल्याप्रमाणे बायकोने पत्र ताटाशेजारी ठेवलं. जेवण तसंच राहिलं.

तुझं जुलैचं पत्र मला मिळालं नाही. त्याचं उत्तर मी लिहिलेलं नाही. तू लिहिलंस म्हणून मला त्याचा पत्ता लागला.

सह्यांचं खरं आहे. प्रश्नांचे फॉर्म, पत्राचे कागद, दर सोमवारी पन्नास-साठ सह्या एका दमात करतो. इथे निम्मे सदस्य असंच करतात. प्रश्न कुठले गेले ते मला पुरतं ठाऊक नसायचं. आणि ज्या सकाळी लागायचे त्या सकाळी मला सांगितलं जायचं, आज आपला नंबर नाही, मतदारसंघातून माणसं आलीत, त्यांना भेटून घ्या. मी जायचो. दिवसाची छापील यादी टेबलावर असायची. मी ती उघडून बघितली नाही. तीन वर्षांत एकदाही नाही.

आणि गुडघ्यांचं. ताई, ते मी केलंच नव्हतं. तुझी शस्त्रक्रिया झाली हेच मला तुझ्या पत्रावरून कळलं. तू आभार मानलेस, आणि मला लाज वाटली की बहीण कण्हत होती आणि मी विचारपूसही केली नाही. म्हणून फुकटचं श्रेय घेतलं. तू म्हणतेस मला कागदावर खोटं जमत नाही. त्या एका कागदावर जमलं.

आता हे वर्तमानपत्रात यायच्या आधी तुला सांगतो. विरोधी बाकावरच्या एकाने हीच यादी अध्यक्षांना दिलीय. समिती बसलीय. बावीस सप्टेंबरला मला बोलावलंय. सही माझी आहे, तेव्हा तिच्या वर जे काही असेल तेही माझं, असं सांगून मी मोकळा होणार. आमदारकी जाईल. जाऊ दे.

टायपिस्टावर उगीच आळ घेऊ नकोस, तो साधा माणूस आहे. आणि भाच्याला मी थोडे दिवस तुझ्याकडे पाठवतोय. दमलाय. त्याला काही विचारू नकोस.

धाकटा


६ सप्टेंबर

धाकट्या,

'काही विचारू नकोस' हे तू लिहायला नको होतंस. ते वाक्य मी चार वेळा वाचलं. फोन कोण उचलतं? टपाल कोण उघडतं? सकाळी तुला 'आज नंबर नाही' कोण सांगतं? अख्ख्या जगाची पानं मी तपासली आणि घरातलं पान बघितलंच नाही. आपला तो बाब्या!

पोरगा आला. आल्या आल्या नळाची गळती काढली, माळा आवरला, घरभर कामं शोधत फिरत होता. चौथ्या दिवशी मी चहाचा कप पुढे ठेवला आणि त्याला म्हटलं, 'अठरा मार्चला मामाला कुठे पाठवलं होतंस?'

कप उचलला नाही त्याने. म्हणाला, 'आई, तू भिंतीला धरून चालायचीस. मामाला सांगितलं असतं तर मामा म्हणाला असता, रांगेत थांबा.'

मी म्हटलं, 'आणि बाकीचे नऊ?'

मग तुटक तुटक बोलला. पहिल्यांदा कुणीतरी त्याच्या मित्राला नोकरी लावून दिली. मग कुणी गाडी दिली वापरायला. मला तो 'मित्राची आहे' म्हणाला होता आणि मी त्याच गाडीतून ऐटीत हॉस्पिटलात गेले. मामाला सकाळी नुसतं जागेवरून हलवलं की काम होतंय म्हटल्यावर सवय लागली. 'मामाचं कुठे काय बिघडलं, निवडून तर येतोय,' म्हणाला. तुझ्या प्रश्नावर कधीतरी हशा झाला होता, ती गोष्ट मी याला किती वेळा सांगितली असेल!

माझाच पोरगा आहे रे. मी त्याला मारलं. एकतीस वर्षांच्या घोड्याला. मग पोटाशी धरून रडले, आणि तो नाही रडला.

समितीची तारीख बावीस ना?

ताई


१० सप्टेंबर

ती. ताई,

येऊ नकोस. तुझ्या पाया पडतो.

माझी कारकीर्द झाली ती झाली. मी पुन्हा शिट्टी गळ्यात अडकवीन, नाहीतर घरी बसेन. पण तू तिथे बोललीस तर पोराचं नाव कागदावर चढेल. पोलीस येतील. कुठेही उभं करणार नाहीत त्याला. बाबा गेल्यावर तू मला मोठं केलंस, त्याची फेड मला आत्ता करायला मिळतेय, ती हिरावून घेऊ नकोस. मूग गिळून बस. एवढं एकच मागतो.

धाकटा


२४ सप्टेंबर

चि. धाकट्या,

तू बाहेरच्या बाकावर बसला होतास. मला बघून उठलास, हात जोडलेस. मी थांबले नाही. थांबले असते तर तुझ्याबरोबर परत गेले असते. आणि नंतर भेटले नाही कारण चारची बस गाठायची होती, पोरगा घरी एकटा होता. आत काय झालं ते तुला माझ्याकडूनच कळू दे.

साक्ष द्यायचीय म्हणून समितीला मी आधीच पत्र टाकलं होतं, त्यांनी आत बोलावलं. लांबलचक टेबल, पाच सदस्य, मध्ये पाण्याचे ग्लास. कोपऱ्यात लिहून घेणारी एक मुलगी. समितीचे अध्यक्ष माणूस सभ्य. म्हणाले, 'बसा आजी.' मी म्हटलं, 'उभीच बरी. हे गुडघे पुरावा म्हणून आणलेत, बसले तर तुम्हाला दिसायचे नाहीत.' ते कसंनुसं हसले. हशा लिहिला गेला की नाही माहीत नाही.

मी ते टाइप केलेलं पत्र टेबलावर ठेवलं. सही कुठे आहे, ओळी कशा कोंबल्यात, बोट ठेवून दाखवलं. पत्र हातोहात फिरलं. दोघांनी एकमेकांकडे बघितलं आणि एकाने खिशातलं पेन आत सरकवलं. त्यांच्याही ऑफिसात असे कोरे कागद पडलेले असणार, मला काय कळत नाही?

मग विचारलं, हा मजकूर कुणी भरला? मी म्हटलं, माझ्या मुलाने. त्याचं नाव विचारलं. सांगितलं. कोपऱ्यातली मुलगी म्हणाली, 'नीट ऐकू आलं नाही, पुन्हा सांगता?'

पुन्हा सांगितलं. बारशाला कानात सांगितलेलं नाव तिथे दोनदा मोठ्याने म्हणावं लागलं, धाकट्या. दुसऱ्या वेळी मला बाप रे, इतका तुझा राग आला! तुझा, पोराचा, त्या हॉस्पिटलाचा, सगळ्यांचा.

तुला काही सोडलं नाही मी. म्हटलं, माझ्या भावाने न वाचता सह्या केल्या, त्याची शिक्षा त्याला द्याच. पण तो विकायला बसला नव्हता. आणि त्या पोराची हमी मी लेखी दिली होती, तेव्हा माझंही नाव लिहून घ्या.

तू म्हणत होतास, फेड करायचीय. माझ्या पोराचं पाप तू तुझ्या अंगावर घेऊन? तसली फेड मला नको. पोरगा तेव्हापासून माझ्याशी एक शब्द बोललेला नाही. पान वाढते, जेवतो, उठतो.

ताई


१८ डिसेंबर

ती. ताई,

निकाल तुला वर्तमानपत्रातून कळलाच असेल. मला समज दिली, पंधरा दिवस निलंबित केलं. तिकीट गेलं. राज्यमंत्रिपदाचं तर नावच नको. भाच्यावरचा खटला चालेल. वकील मी दिलाय, एवढं तरी मामाला करू दे.

बरेच दिवस तुझ्यावर धुमसत होतो. आता नाही. निलंबन संपल्यावर पहिलं काम केलं ते म्हणजे हॉस्पिटलचा तो प्रश्न पुन्हा घातला. स्वतः लिहिला, खाली सही केली. काल लागला. माझ्या कारकिर्दीतला शेवटचा ठरला तरी चालेल. दोन तास आधीपासून जागेवर बसून होतो, लघवीलासुद्धा उठलो नाही.

आपण सभागृहात बोललेलं छापायच्या आधी तपासायला देतात. आठ वर्षं मी ती प्रत न बघता परत केली. या वेळी माझी हस्तलिखित टिपणं आणि त्यांची प्रत, दोन्ही तुला पाठवतोय. तपासून दे. वाचताना जरा सांभाळ. हॉस्पिटलची नोंदवही मागवून घेतली होती, त्यातलं काही आहे.

तुझा धाकटा


२७ डिसेंबर

चि. धाकट्या,

प्रत तपासून सोबत पाठवतेय. दोन चुका होत्या, एक आकडा आणि एक गाळलेली ओळ.

एकटीने तपासता येत नाही, पद्धत तुला माहीत आहे. म्हणून पोराला बोलावलं. तुझी टिपणं त्याच्या हातात दिली, मुद्रित मी घेतलं. म्हटलं, बोलू नकोस माझ्याशी, नुसतं वाच. बसला. वाचायला लागला. तुझा क्रमांक पुकारला, तू उभा राहिलास, मंत्री म्हणाले राखीव खाटा नियमानुसार दिल्या जातात. तू विचारलंस, मग एकवीस मार्चला अकरा नंबरची खाट कुणाला दिली होती?

पोरगा तिथे अडखळला. मी बोट मुद्रितावर ठेवून थांबले.

त्याने वाचलं: कपडे धुणारी एक बाई, वय बावन्न, खुब्याचं हाड मोडलेलं. नोंदवहीत अकरा नंबरची खाट तिच्या नावावर लिहिली होती. त्या सकाळी तिला दारातून परत पाठवलं, खाट उपलब्ध नाही म्हणून.

तू मला आधी सांगितलं नाहीस. बरं केलंस. गाडीत सोबतीला आलेली माझी शेजारीण त्या दिवशी म्हणाली होती, की हॉस्पिटलच्या दारात कुणीतरी बाई हातगाडीवर झोपवलेली आहे, ओरडतेय. मी गाडीची काच वर करायला सांगितली होती.

पोराने कागद खाली ठेवला. तीन महिन्यांनी पहिल्यांदा माझ्याकडे बघून बोलला. म्हणाला, 'आई, ती आता चालते का?'

मी म्हटलं, 'पुढे लिहिलंय. वाच.'

ताई